मुदत न घातलेली हुकूमशाही

‘कामगारवर्गाची हुकूमशाही’ हे शब्द मराठीत वाचताना पहिला अडथळा ‘हुकूमशाही’चाच येतो. त्यात हुकूम आहे, हुकूम सोडणारा आहे आणि तो बहुधा एकटा आहे. लाखो माणसांच्या अख्ख्या वर्गाने मिळून हुकूम सोडायचा म्हणजे नेमकं काय करायचं, हे त्या शब्दातून उमगत नाही. मग विरोधक म्हणतो, ‘बघा, आपल्या तोंडानेच कबूल करतायत.’ समर्थक म्हणतो, ‘अहो, त्याचा खरा अर्थ लोकशाहीच आहे.’ मूळ मजकूर उघडायची तसदी दोघेही घेत नाहीत.

उघडला तर आधी हे दिसतं की मार्क्स-एंगल्सच्या हजारो पानांत हा शब्दप्रयोग जेमतेम डझनभर ठिकाणी येतो. १८४८च्या कम्युनिस्ट जाहीरनाम्यात तो नाहीच; कामगारवर्गाने सत्ताधारी वर्ग व्हावं आणि लोकशाहीची लढाई जिंकावी, एवढंच तिथे म्हटलंय. आणि ज्या दोन उताऱ्यांवरून पुढे सगळं रण माजलं, ते दोन्ही मार्क्सच्या हयातीत छापलेच गेले नव्हते. पहिला उतारा ५ मार्च १८५२ रोजी आपला सहकारी योसेफ वायडेमायर याला लिहिलेल्या खाजगी पत्रातला. दुसरा, जर्मन पक्षाच्या गोथा कार्यक्रमाच्या मसुद्यावर १८७५ साली लिहिलेल्या टिपणातला. ते एंगल्सने १८९१मध्ये छापलं, तेव्हा मार्क्सला जाऊन आठ वर्षं झाली होती. विसाव्या शतकात या नावावर एवढी राज्यं उभी राहिली, त्यांच्या पायात एक पत्र आणि काही समासातल्या नोंदी आहेत.

तो शब्द तेव्हा आजच्यासारखा कानाला लागतही नव्हता. रोमन प्रजासत्ताकात ‘डिक्टेटर’ हे कायदेशीर पद होतं. युद्ध किंवा बंडाळी उद्भवली की कॉन्सल, म्हणजे निवडलेला सर्वोच्च अधिकारी, एकाची नेमणूक करायचा, मुदत जास्तीत जास्त सहा महिने. काम उरकलं की पायउतार व्हायचं. इ.स.पू. ८२मध्ये सेनापती सुल्लाने मुदतीशिवाय हे पद घेतलं, इ.स.पू. ४४मध्ये सीझरने ते तहहयात करून घेतलं, आणि तिथून हा शब्द बदनाम झाला. तरी एकोणिसाव्या शतकातल्या शिकलेल्या युरोपीय माणसाला तो ऐकून आठवायची ती आणीबाणीतली, तात्पुरती, नेहमीच्या नियमांबाहेरची सत्ता. जून १८४८मध्ये पॅरिसच्या कामगारांचा उठाव चिरडायला फ्रेंच राष्ट्रीय सभेने जनरल कावेन्याकच्या हाती सगळे अधिकार दिले. ती सत्ताही याच नावाने ओळखली गेली. दोनच वर्षांनी मार्क्सने फ्रान्सवरच्या लेखांत कामगारवर्गाच्या हुकूमशाहीची घोषणा लिहिली, ती या पार्श्वभूमीवर. तुमची ती, तर आमची ही.

रोमन पदाला तीन खुंट्या होत्या: संकट खरं असायला हवं, नेमणूक दुसऱ्याने करायला हवी, आणि मुदत ठरलेली हवी. मार्क्सच्या वापरात पहिली टिकली, दुसरीच्या जागी एक अख्खा वर्ग आला. तिसरीचं काय झालं, तिथे माझं घोडं अडतं.

वायडेमायरच्या पत्रात मार्क्स सांगतो की वर्ग असतात किंवा ते झगडतात हा शोध माझा नव्हे, तो माझ्या आधीच्या इतिहासकारांनी लावला. आपण नवीन दाखवलं ते तीन मुद्द्यांत, असं त्याचं म्हणणं. वर्गांचं अस्तित्व उत्पादनाच्या ठरावीक ऐतिहासिक टप्प्यांशी बांधलेलं असतं. वर्गलढा अपरिहार्यपणे कामगारवर्गाच्या हुकूमशाहीकडे जातो. आणि ही हुकूमशाही म्हणजे सगळे वर्ग नाहीसे होण्याकडे नेणारा निव्वळ संक्रमणकाळ. म्हणजे मुदत आहे, पण ती तारखेने घातलेली नाही, घटनेने घातलेली आहे. ‘काम पूर्ण होईपर्यंत’ अशी. बांधकामाच्या करारात असं लिहिलं तर पुढचाच प्रश्न कोणीही विचारेल: काम पूर्ण झाल्याचा दाखला कोण देणार? कंत्राटदार स्वतःच?

हा दाखल्याचा प्रश्न बाजूला ठेवून आधी शब्दाचा अर्थ निकालात काढू. ‘राज्य कोणाचं’ आणि ‘राज्य कसं चालतं’ हे मार्क्सच्या लेखी दोन वेगळे प्रश्न आहेत. निवडणुका, संसद, वर्तमानपत्रं सगळं असलेलं राज्यही त्याच्या मते भांडवलदार वर्गाचंच राज्य, कारण मालमत्तेची व्यवस्था राखणं हे त्या यंत्रणेचं मूळ काम. त्याच अर्थाने कामगारवर्गाची ‘हुकूमशाही’ म्हणजे कामगारवर्गाचं वर्गीय राज्य. तो शब्द कोण हे सांगतो, कसं हे सांगत नाही. ‘कसं’च्या रकान्यात एंगल्सने १८९१मध्ये जर्मन पक्षाच्या एर्फुर्ट कार्यक्रमावर लिहिताना चक्क ‘लोकशाही प्रजासत्ताक’ असं भरलं: याच रूपात कामगारवर्ग सत्तेवर येऊ शकतो आणि हेच त्याच्या हुकूमशाहीचं खास रूप.

१८७४मध्ये त्याने दुसऱ्या टोकाचीही वाट बंद केली होती. फ्रेंच क्रांतिकारक ब्लाँकीच्या अनुयायांची कल्पना अशी की मूठभर निश्चयी, शिस्तबद्ध क्रांतिकारकांनी झडप घालून सत्ता घ्यायची आणि जनतेला मागून ओढायचं. एंगल्सने लिहिलं की यातून हुकूमशाही येते हे उघड आहे, पण ती सबंध क्रांतिकारक वर्गाची नव्हे, झडप घालणाऱ्या थोड्यांची. आणि ते थोडे आधीच एक-दोघांच्या हुकमतीखाली संघटित झालेले असतात. हे वाक्य पुढच्या पन्नास वर्षांवर बेतून लिहिल्यासारखं वाटतं. समर्थकांना ते क्वचितच आठवतं.

आता ‘कसं’कडे. तिथे मार्क्ससमोर एकच नमुना होता: १८७१चं पॅरिस कम्यून, म्हणजे उठाव करून पॅरिसकरांनी उभारलेलं शहराचं स्वतःचं सरकार; १८ मार्च ते २८ मे, ७२ दिवस. ‘फ्रान्समधील यादवी युद्ध’ या पुस्तिकेत त्याने काढलेला धडा असा की कामगारवर्गाला तयार राज्ययंत्रणा नुसती ताब्यात घेऊन आपल्या कामाला जुंपता येत नाही. हा धडा त्याला इतका महत्त्वाचा वाटला की १८७२मध्ये जाहीरनाम्याच्या नव्या प्रस्तावनेत त्याने तो पुन्हा लिहिला. आणि तयार यंत्रणेच्या जागी काय, तर कम्यूनने बसवलेले सुटे भाग. खड्या सैन्याऐवजी सशस्त्र नागरिक. सक्तीची सैन्यभरती २९ मार्चला रद्द. प्रभागवार निवडलेले आणि केव्हाही परत बोलावता येणारे प्रतिनिधी. कायदे करणारी आणि अंमल बजावणारी सभा एकच, म्हणजे ‘आम्ही ठरवलं होतं हो, खात्याने केलं नाही’ ही पळवाट बंद. न्यायाधीशही निवडणुकीनेच यायचे होते. आणि पगाराला कमाल मर्यादा.

पगाराचं कलम जवळून बघण्यासारखं आहे. २ एप्रिलच्या हुकमाने कम्यूनच्या कुठल्याही नोकरीचा वार्षिक पगार ६,००० फ्रँकच्या वर जाणार नाही असं ठरलं. मार्क्सने याचं वर्णन ‘कामगाराच्या मजुरीवर सार्वजनिक सेवा’ असं केलं, आणि तिथे त्याची लेखणी जरा घसरली. राष्ट्रीय रक्षक दलाच्या शिपायाला दिवसाला ३० सू, म्हणजे दीड फ्रँक मिळायचा. वर्षाचे साडेपाचशेही होत नाहीत. कम्यूनच्या सभासदांनी स्वतःचं मानधन ठरवलं दिवसाला १५ फ्रँक, म्हणजे शिपायाच्या बरोबर दहापट. आधीच्या साम्राज्यातल्या बड्या अधिकाऱ्यांच्या मानाने ही रक्कम किरकोळ, त्यामुळे कलम क्रांतिकारक होतंच. पण मजुरीइतका पगार आणि पगाराला छत या दोन गोष्टी एक नव्हेत, आणि पुढे सगळीकडे पहिलीचं नाव घेऊन दुसरीच केली गेली. तीही टिकली तिथपर्यंतच.

परत बोलावण्याच्या अधिकाराची ७२ दिवसांत फारशी कसोटीच लागली नाही. स्त्रियांना मत नव्हतं, हेही कम्यूनचे गोडवे गाताना राहून जातं. आणि खुद्द जुना अर्थ मागच्या दाराने आत आलाच: १ मे रोजी ४५ विरुद्ध २३ मतांनी पाच जणांची ‘सार्वजनिक सुरक्षा समिती’ नेमून तिला व्यापक अधिकार दिले गेले. अल्पमतातल्या लोकांनी जाहीर निषेध केला की लोकांनी आम्हाला दिलेला अधिकार असा दुसऱ्याच्या हाती सोपवायचा हक्क आम्हाला नाही. ‘वर्गाची सत्ता’ आणि ‘समितीची सत्ता’ यांच्यातली फट कुठे पडते हे त्या मतदानात उघड दिसतं. पॅरिस सोडून व्हर्सायला गेलेल्या फ्रेंच सरकारचं सैन्य वेशीवर होतं हे कारण खरं होतं. कारण नेहमी खरंच असतं, म्हणून तर अडचण.

पैशाच्या बाबतीत उलट: जिथे हात घालायला हवा होता तिथे घातला नाही. बँक ऑफ फ्रान्स पॅरिसमध्ये, कम्यूनच्या हद्दीत. तिच्याकडून कम्यूनने सुमारे १ कोटी ६७ लाख फ्रँक घेतले, तेही रीतसर पावत्या देऊन. त्याच काळात त्याच बँकेने व्हर्साय सरकारला २५ कोटींहून जास्त पुरवले. स्वतःला चिरडायला येणाऱ्या सैन्याचा खर्च चालू देणारी ‘हुकूमशाही’ इतिहासात दुसरी नसेल. १८८१मध्ये डच समाजवादी दोमेला न्यूवेनहाउसला लिहिलेल्या पत्रात मार्क्स बराच थंडपणे बोलतो: तो अपवादात्मक परिस्थितीतला एका शहराचा उठाव होता, कम्यूनमधलं बहुमत समाजवादी नव्हतं आणि असणंही शक्य नव्हतं, आणि नुसती बँक ताब्यात घेतली असती तरी व्हर्सायवाल्यांची घमेंड उतरली असती. दहा वर्षांनी एंगल्सने मात्र पुस्तिकेच्या नव्या आवृत्तीत ठणकावून सांगितलं की कामगारवर्गाची हुकूमशाही कशी दिसते हे बघायचं असेल तर कम्यूनकडे बघा. दोन्ही विधानं खरी धरायची तर असं म्हणावं लागतं: नमुना यंत्राचा होता, चालत्या कारखान्याचा नव्हता.

शब्दाला पहिल्यांदा पक्षाच्या कार्यक्रमात जागा मिळाली ती १९०३मध्ये, रशियन सामाजिक लोकशाहीवाद्यांच्या दुसऱ्या अधिवेशनात, आणि ती देणारा मुख्यतः जुना रशियन मार्क्सवादी प्लेखानोव. तिथल्या व्याख्येत जोर सरकला: शोषकांचा सगळा प्रतिकार मोडून काढता येईल एवढी राजकीय सत्ता. प्लेखानोवने व्यासपीठावरून असंही सांगितलं की क्रांतीचं यश हा सर्वोच्च कायदा, आणि गरज पडली तर सार्वत्रिक मताधिकारालाही मुरड घालावी लागेल. १९१७मध्ये बोल्शेविकांनी, म्हणजे त्याच पक्षातल्या लेनिनच्या गटाने, नेमकं तेच करायला घेतलं तेव्हा विरोधात उभा राहिलेल्यांत प्लेखानोवही होता. पण कलम त्याचंच.

लेनिनचं ‘राज्यसंस्था आणि क्रांती’ १९१७च्या ऑगस्ट-सप्टेंबरातलं. त्यात कम्यूनचे सगळे सुटे भाग पुन्हा मांडलेत: निवड, परत बोलावणं, मजुरीइतका पगार, हिशेब आणि नियंत्रण. कोणतीही स्वयंपाकीण राज्य चालवू शकते असं लेनिन म्हणाला, हे जे सर्रास सांगितलं जातं ते मात्र उलटं आहे. त्याच शरद ऋतूतल्या दुसऱ्या लेखात त्याने लिहिलं की आम्ही स्वप्नाळू नाही, कुठलाही मजूर किंवा स्वयंपाकीण लगेच राज्यकारभार करू शकणार नाही हे आम्हाला ठाऊक आहे; पण शिकवायला आजपासून सुरुवात करा. फरक मोठा आहे. ‘राज्यसंस्था आणि क्रांती’त पक्षाच्या भूमिकेवर मात्र जवळपास काहीच नाही. कामगार राज्य करतील, पक्ष काय करेल? १९०५ आणि १९१७च्या अनुभवावरचं सातवं प्रकरण लिहायचं राहून गेलं. क्रांती आडवी आली, असं त्याने मागच्या मजकुरात खुशीत नोंदवलं.

जुलै १९१८ची रशियन राज्यघटना हा या सिद्धांताचा पहिला कायदेशीर मसुदा. चर्चा करणारे फार थोडे ती वाचतात, म्हणून थोडं सविस्तर. अठरा वर्षांवरच्या स्त्री-पुरुषांना मत. कलम ६५ने ते कोणाला नाही हे सांगितलं: नफ्यासाठी मजूर लावणारे, व्याज किंवा मालमत्तेच्या उत्पन्नावर जगणारे, खाजगी व्यापारी, धर्मगुरू आणि मठवासी, जुन्या पोलिसांतले लोक, शिवाय वेडे आणि शिक्षा झालेले. मजूर किती लावले तर मत जाईल, याचा आकडा कलमात नाही. मोठा कारखानदार आणि एकच गडी ठेवणारा छोटा धंदेवाला एकाच ओळीत बसू शकतात, आणि कोणाला बसवायचं हे गावातल्या समितीच्या हाती. वर्ग ही सिद्धांतातली कल्पना जेव्हा यादीतलं नाव बनते तेव्हा पहिला घोटाळा होतो तो इथे.

शहर आणि गाव यांचं वजनही वेगळं. सोव्हिएत म्हणजे कामगार-शेतकऱ्यांनी निवडलेली परिषद. सोव्हिएतांच्या अखिल रशियन काँग्रेसला शहरी सोव्हिएत २५,००० मतदारांमागे एक प्रतिनिधी पाठवणार, प्रांतिक काँग्रेस १,२५,००० रहिवाशांमागे एक. यावरून ‘एक कामगार बरोबर पाच शेतकरी’ असं लिहिलेलं नेहमी वाचायला मिळतं. एका बाजूला मतदार आहेत आणि दुसऱ्या बाजूला पोराबाळांसकट सगळे रहिवासी, हे त्यात निसटतं. रहिवाशांतले निम्मे मतदार धरले तर सव्वा लाखाचे साडेबासष्ट हजार होतात, आणि प्रमाण पाचावरून अडीचवर येतं. उलट प्रांतिक काँग्रेसमध्येही शहरांचे प्रतिनिधी बसत, म्हणजे शहर दोनदा मोजलं जात होतं. तेवढं अडीचाच्या वर चढवायला हवं. कसंही मोजा, हे असमान मत होतं आणि मुद्दाम तसं ठेवलं होतं. तेवढा प्रामाणिकपणा या घटनेत आहे. शेतकऱ्यांच्या देशात कामगारवर्गाचं राज्य आणायचं तर समान मताने ते जमत नाही. नोव्हेंबर १९१७च्या संविधान सभेच्या निवडणुकीत बोल्शेविकांना सुमारे चौथा हिस्सा मतं पडली, सगळ्यात जास्त समाजवादी क्रांतिकारकांना, म्हणजे शेतकऱ्यांत पाया असलेल्या पक्षाला. ती सभा जानेवारी १९१८मध्ये एकदाच भरली आणि विसर्जित झाली.

आता परत बोलावण्याचा अधिकार. कलम ७८ स्पष्ट आहे: मतदार आपल्या प्रतिनिधीला केव्हाही परत बोलावून नवी निवडणूक घेऊ शकतात. कम्यूनचा लाडका भाग, कायद्यात जसाच्या तसा. मग तो का चालला नाही?

पहिलं कारण रचनेतलं. मत थेट वरपर्यंत जात नव्हतं. गावाचं सोव्हिएत, त्यावर वोलोस्त (गावांचा गट), मग उयेज्द (जिल्हा), मग गुबेर्निया (प्रांत), मग अखिल रशियन काँग्रेस. ती निवडणार जास्तीत जास्त २०० जणांची केंद्रीय कार्यकारिणी, आणि कार्यकारिणी नेमणार लोककमिसारांचं मंडळ, म्हणजे मंत्रिमंडळ. गावातला मतदार परत बोलावू शकतो फक्त गावातल्या माणसाला. राग मॉस्कोतल्या निर्णयाचा असेल तर त्याची मात्रा वर पोहोचेपर्यंत प्रत्येक पायरीला पातळ होत जाते, आणि प्रत्येक पायरीवर खालच्या बहुमताचं वर एकमत होत जातं. पॅरिसमध्ये प्रभाग आणि सभा यांच्यात एकच पायरी होती. एका शहरासाठी घडवलेला सुटा भाग अख्ख्या खंडाएवढ्या देशाला बसवताना सांध्यांचा विचार झाला नाही.

दुसरं कारण जास्त साधं. परत बोलावून निवडणार कोणाला? १९१८च्या वसंतात अनेक प्रांतिक शहरांच्या सोव्हिएतांत मेन्शेविक (जुन्या पक्षातला बोल्शेविकांचा विरोधी गट) आणि समाजवादी क्रांतिकारक निवडून येऊ लागले होते. १४ जून १९१८ला केंद्रीय कार्यकारिणीने मेन्शेविकांना आणि उजव्या समाजवादी क्रांतिकारकांना आपल्यातून काढलं आणि स्थानिक सोव्हिएतांनाही तसंच करायला सांगितलं. दुसरा उमेदवारच नसेल तर परत बोलावण्याचा अधिकार म्हणजे एका पाटीवरचं नाव पुसून त्याच पाटीवर दुसरं लिहिणं. पाटी बदलत नाही. १९२१च्या फेब्रुवारीअखेर पेत्रोग्राडजवळच्या क्रोनश्टाट नौदल तळावरच्या खलाशांनी केलेल्या ठरावात १५ मागण्या होत्या, आणि पहिली होती सोव्हिएतांच्या ताबडतोब, गुप्त मतदानाने नव्या निवडणुका. कलम ७८ वापरू द्या, एवढाच त्याचा अर्थ. उत्तर मार्चमध्ये तोफांनी मिळालं, आणि त्याच महिन्यात पक्षाच्या दहाव्या अधिवेशनाने पक्षांतर्गत गटांवरही बंदी घातली.

तिसरं कारण घटनेत सापडतच नाही, कारण तिथे पक्षाचं नावच नाही. मार्च १९१९मध्ये पाच जणांचं कायमस्वरूपी पॉलिटब्युरो, म्हणजे पक्षाची सर्वोच्च समिती, स्थापन झालं. मोठे निर्णय तिथे होऊ लागले, आणि तिथल्या कोणालाही कुठलाही मतदार कुठल्याही कलमाखाली परत बोलावू शकत नव्हता. पक्षाचा उल्लेख पुढे १९३६च्या घटनेत आला, तोवर दोन दशकं उलटत आली होती.

पगाराची गोष्टही तीच वाट चालली. नोव्हेंबर १९१७च्या हुकमाने लोककमिसाराला महिना ५०० रूबल, दर अपत्यामागे १०० जास्त. लेनिनच्या कचेरीप्रमुखाने लेनिनचा पगार ५००चा ८०० केला, तर मे १९१८मध्ये लेनिनने त्याला बेकायदा वाढीबद्दल लेखी ठपका दिला. ही हकीकत भक्तिभावाने सांगितली जाते. त्याच्याच महिनाभर आधी लेनिनने लिहिलेली गोष्ट जास्त महत्त्वाची आहे: जुन्या तज्ज्ञांना भरमसाट पगार देणं ही कम्यूनच्या तत्त्वापासून माघार आहे, आणि ती माघार आहे हे लोकांपासून लपवू नका. त्याच लेखात कारखान्यात एका व्यक्तीच्या हाती ‘हुकूमशाही’ अधिकार देणं सोव्हिएत लोकशाहीशी विसंगत नाही, असाही युक्तिवाद आहे. इतिहासात वर्गाची हुकूमशाही अनेकदा व्यक्तींच्या हुकूमशाहीतून चालत आलीय, म्हणून. १८७४च्या एंगल्सने यावर काय म्हटलं असतं याचा अंदाज करायला फार कल्पनाशक्ती लागत नाही. शब्दाचा रोख ‘कोण’वरून ‘कसं’वर कुठे घसरला याची जागा शोधायची तर मी एप्रिल १९१८वर बोट ठेवीन.

त्या वर्षीच्या वादात तिघांची मतं तीन दिशांना होती. जर्मन मार्क्सवादी काउत्स्कीने बोल्शेविकांना म्हटलं की हुकूमशाही ही ‘स्थिती’ आणि हुकूमशाही हा ‘शासनप्रकार’ वेगळे. मार्क्सला पहिली अभिप्रेत होती, तुम्ही दुसरी आणलीत. लेनिनने उत्तरात व्याख्या केली: बळाने मिळवलेली आणि बळाने राखलेली, कुठल्याही कायद्याने न बांधलेली सत्ता. गंमत म्हणजे हे तो लिहीत होता तेव्हा त्याच्याच राज्याची नव्वद कलमांची घटना नुकतीच छापून झाली होती. जर्मनीतली क्रांतिकारक रोझा लक्झेंबर्ग तुरुंगात बसून दोघांशीही भांडत होती: हुकूमशाही हवीच, पण वर्गाची, टोळक्याची नव्हे, आणि लोकशाही वापरण्याच्या पद्धतीत हवी, ती मोडीत काढण्यात नव्हे. वेगळा विचार करणाऱ्याचं स्वातंत्र्य तेच स्वातंत्र्य, हे तिचं म्हणणं याच टिपणातलं. ते छापलं गेलं १९२२मध्ये, तिच्या खुनानंतर तीन वर्षांनी. मजकूर म्हणून काउत्स्कीचं वाचन मला बरोबर वाटतं. मात्र यादवी युद्ध चालू असताना काय करायचं, हे त्याच्या पुस्तकात शोधायला जाऊ नये.

कारण युद्धाने वर्गच गिळला. १९१७ ते १९२० या काळात पेत्रोग्राडची लोकसंख्या साधारण एक तृतीयांशावर आली. कारखाने बंद, कामगार आघाडीवर, कचेरीत किंवा भाकरीच्या शोधात गावी. १९२२च्या अकराव्या अधिवेशनात लेनिन म्हणाला की मार्क्सच्या अर्थाने कामगारवर्ग आता उरलेला नाही. त्यावर जुना धातुकामगार श्ल्याप्निकोव उठला आणि अस्तित्वात नसलेल्या वर्गाचे अग्रदूत झाल्याबद्दल त्याने नेत्यांचं अभिनंदन केलं. टोमणा झोंबणारा आहे, पण त्यात सिद्धांताचीच गाठ आहे: ज्याच्या नावाने राज्य चालतं तोच गैरहजर असेल तर कुळमुखत्याराने काय करावं? मुखत्यारपत्र रद्द समजावं, की वर्ग परत येईपर्यंत जमीन सांभाळावी? पक्षाने सांभाळायचं ठरवलं. वर्ग परत आला, १९३०च्या दशकात तर कोट्यवधींनी वाढला. मुखत्यार काही हलला नाही.

आता तो दाखल्याचा प्रश्न. नोव्हेंबर १९५६मध्ये काठमांडूत बुद्ध आणि मार्क्स या विषयावर बोलताना डॉ. आंबेडकरांनी तो वकिली नेमकेपणाने विचारला: राज्यसंस्था विरून जाईल म्हणता, तर केव्हा? आणि ती गेल्यावर तिच्या जागी काय येणार? दुसऱ्या प्रश्नावर मार्क्सवाद्यांकडे निदान गोथा टिपणातले साम्यवादाचे दोन टप्पे तरी आहेत. पहिल्यावर तोवर मिळालेली उत्तरं अशी: जानेवारी १९३३मध्ये स्टालिनने सांगितलं की राज्यसंस्था दुबळी होऊन नव्हे, कमाल बळकट होऊन विरणार आहे. नोव्हेंबर १९३६मध्ये त्यानेच जाहीर केलं की शोषक वर्ग संपले. वायडेमायरच्या पत्रातल्या अटीनुसार इथे मुदत संपायला हवी. त्याच भाषणात पुढे होतं की नवी घटना कामगारवर्गाची हुकूमशाही कायम ठेवते. १९३९मध्ये कारण बदललं: भोवती भांडवलशाही देशांचा वेढा आहे.

शेवटी दाखला निघाला तो ऑक्टोबर १९६१मध्ये, सोव्हिएत पक्षाच्या बाविसाव्या अधिवेशनात. पक्षाच्या नव्या कार्यक्रमाने नोंदवलं की कामगारवर्गाच्या हुकूमशाहीने आपलं ऐतिहासिक काम पूर्ण केलं आणि आता हे ‘सबंध जनतेचं राज्य’ आहे. दाखल्यावर सही कंत्राटदाराची. आणि त्या दिवशी पोलीस, सेन्सॉर, उमेदवार ठरवणाऱ्या समित्या यांच्यातला एकही अधिकार कुठूनही कुठे गेला नाही.

चिनी पक्षाने १९६३-६४मध्ये यावर हल्ला चढवला, आणि निव्वळ ग्रंथाच्या कसोटीवर त्यांचं बरोबर होतं: मार्क्सच्या मते राज्य असेल तोवर ते कुठल्या ना कुठल्या वर्गाचंच असतं, ‘सगळ्यांचं राज्य’ ही कल्पना त्याने गोथा टिपणात ‘मुक्त लोकराज्या’ची टर उडवताना आधीच निकालात काढली होती. इतर पक्षांनी सोपा मार्ग धरला. जपानच्या कम्युनिस्ट पक्षाने १९७३मध्ये शब्दाचं भाषांतरच बदलून सौम्य केलं आणि तीन वर्षांनी तेही काढलं. फ्रेंच पक्षाने फेब्रुवारी १९७६च्या अधिवेशनात तो वगळला. चीनने १९७५च्या घटनेत तो पहिल्याच कलमात ठेवला होता. १९८२च्या घटनेत पहिल्या कलमात ‘जनतेची लोकशाही हुकूमशाही’ आहे, आणि त्याच्याआधीच्या उद्देशिकेत, एकाच परिच्छेदात, शोषक वर्ग एक वर्ग म्हणून संपले आहेत असंही आहे आणि वर्गलढा ठरावीक मर्यादेत दीर्घकाळ चालू राहील असंही.